सीताबाईनं जाग्या केलेल्या लेखण्या

भिवंडीकडं, कशेळीच्या अलीकडं आमचं गाव. भाताच्या खाचरांवर गोडाऊनं उभी राहिली तेव्हापासून गावातल्या बायका खोके बांधतात. सीताबाईही बांधते. पण गाव तिला ओळखतं ते धवलारीण म्हणून. लग्नात भट येतो घटकाभर. हळदीपासून पाठवणीपर्यंत धवले, म्हणजे लग्नाची गाणी, गाते ती सीताबाई. मांडवाचा खांब असो, उंबराची फांदी असो, हळदीचं जातं असो, तिनं गाऊन जागं केल्याबिगर त्याला हात लावायचा नाही, अशी आमच्याकडं रीत. सगळे धवले तोंडपाठ. लिहिता-वाचता तिला येत नाही.

ती जाते ते गोडाऊन मेघवती लेखणी कंपनीचं. त्याला पुढं एक शटर, मागं एक शटर. पुढच्याला टेम्पो लागतात. मागचं उघडतं थेट मेघवती राज्यात, तिथं पंखवाल्या बकऱ्यांच्या गाड्या लागतात. असं कसं, ते मलाही ठाऊक नाही. भिवंडीत माल कुठून येतो आन कुठं जातो हे विचारायची कुणाला सवय नाही. तिकडच्या राक्षसांना पॅकिंग जमत नाही, नखांनी खोका फाटतो, म्हणून काम इकडं आलं, एवढंच सुपरवायझर भूपेश सांगतो.

कंपनीचा माल नाना तऱ्हेचा. न आटणारी दौत, खोटं तेवढं पुसणारं खोडरबर. सगळ्यात जास्त खप ऐकणाऱ्या लेखणीचा. मालकानं बोलायचं, तिनं लिहायचं. पण खोक्यात भरण्याआधी तिच्या टोकाशी एक ओळ बोलून तिला जागं करावं लागतं. पोरी तोंडाला येईल ते बोलायच्या, 'हॅलो हॅलो', नाहीतर 'चल गं लवकर'. सीताबाईला ते पटेना. जागं करायचं म्हणजे गायलाच पाहिजे. ती दर लेखणीला धवल्याची एक ओळ गायची. लेखणी हातात थरथरायची. भूपेश खूष. "मौसी का माल एक नंबर!"

चार महिने असे गेले. मग एका सकाळी केसरीनाथ लेकीचं आवतण घेऊन दारात आला.

"सीताबाय, शुकरवारी दुपारी रीमाची हलद. तुजे बगर कोन हाय आमाला?"

"येन ना रं. न येऊन जाते कुठं?"

तो गेला आणि तांदूळ निवडता निवडता तिनं हळदीचा धवला धरला. तोंड उघडलं, आणि काहीच आलं नाही. चाल होती, शब्द नव्हते. मांडवाचा घेतला, तोही तसाच. तिनं तांदळाचं सूप खाली ठेवलं.

"पूर्वा, माजे तोंडान काय व्हतं गं?" तिनं सुनेला विचारलं.

"वय झालं आई, विसरायला होतं."

"वय काय नुसतं धवल्यालाच झालं? तुजे आईनं लग्नात साडी बदलून दिलती, ती ध्यानात हाय माजे."

पूर्वानं सूप आपल्याकडं ओढलं.

गोडाऊनात तिनं हे सांगितलं तेव्हा भूपेशनं भिंतीवरच्या पाटीकडं बोट केलं. "जागं करताना बोललेलं परत मिळणार नाही. पढ़ा नहीं क्या, मौसी?"

"मना वाचता येत आसतं तं हितं खोके बांधले आसते?"

भूपेश डोकं खाजवायला लागला. "पहले मैं भी पेन जगाता था. दो साल से फोन उठाता हूँ और 'कौन' बोलता हूँ. वो दूसरा शब्द आता ही नहीं. मुझे लगा, टेन्शन है."

चार महिन्यांचा माल मेघवतीत पांगला होता. एकच खोका रिटर्न आला होता, चाळीस लेखण्यांचा. तिकडचा न्यायाधीश चोराला शिक्षा सांगत होता आणि लेखणी लिहीत होती, याला हळद लावा. चोराला हळद लागली म्हणे. पुढं काय करायचं हे अजून तिकडं कुणाला सुचलेलं नाही.

लेखणी घरी न्यावी, तर गेटवर चेकिंग. फाटका पुठ्ठा मात्र नेऊ देतात. सीताबाईनं जेवणाच्या सुट्टीत पुठ्ठा पसरला आणि एकेक लेखणी त्यावर टेकवून म्हणाली, "लिव बाय, माजं मना दे." प्रत्येकीनं आपली ओळ लिहिली आणि गप पडली. खोका भरताना लेखण्या मिसळल्या होत्या. कुठली ओळ कुठल्या धवल्याची, लेखण्यांना कळत नव्हतं, आणि आता सीताबाईलाही नाही.

शुक्रवारी मांडवात रीमा पाटावर बसली. पूर्वानं पुठ्ठा धरून वाचलं, "लेक निंगाली, दार धरू नका."

सीताबाईनं ते चालीवर म्हटलं. रीमाची आई पदर तोंडाला लावून रडायला लागली.

"आत्ताच कुठं निंगाली? अजून हलद लागायची हाय!" कुणीतरी ओरडलं.

पूर्वानं घाईनं दुसरी घेतली. "उंबरा उंबरा, ऊठ रं दादा." उंबर तर सकाळीच, नुसत्या चालीवर, उठला होता. बायका हसायला लागल्या. सीताबाईच्या कपाळाला घाम. तिसरी ओळ आली, "हलदी गं बाय, तुजा जलम कंचे बांधावर?" तिनं गायली. आणि मागं धरणाऱ्या आनंदीबाईनं, जी तीस वर्षं सीताबाईची ओळ फक्त परत म्हणत आली होती, ती परत म्हटली आणि तशीच पुढची सोडली, "काल्या मातीन, मावशीचे हातावर."

पूर्वानं पुठ्ठा उलटापालटा करून पाहिला. ही ओळ पुठ्ठ्यावर नव्हती.

"कुठून आनलीस गं?" सीताबाई.

"मना काय म्हाईत? जीब गेली फुडं."

"मंग अजून फुडं जा."

"तू म्हन आदी. तुजे मागं म्हनल्याबगर मना येत न्हाय."

मग तसंच चाललं. पुठ्ठ्यावरची ओळ पूर्वा वाचायची, सीताबाई गायची, आनंदीबाई मागून धरायची आणि तिची जीभ एक ओळ पुढं जायची. ती सीताबाई धरायची. मधेच 'न्हाय न्हाय, ही मांडवाची' म्हणून थांबायचं. वाटीतली हळद सुकली, दोनदा भिजवावी लागली. रीमाचा पाय मुंग्या येऊन बधिर झाला. पण हळद लागली, गाऊन लागली.

केसरीनाथ शेजारी येऊन बसला. "सीताबाय, रागावू नको. पन माजे थोरलीचे लग्नान तू गायलीस, त्यो धवला ह्योच का?"

सीताबाईनं पाण्याचा तांब्या तोंडाला लावला, पुरा रिकामा केला.

"मना काय इचारतंस? मी तं आज पयल्यांदाच ऐकतंय."