बिलोलीची तरक्की

"इन्साफाच्या तराजूला बोट लावायचं नसतं," असं आमचे साहेब प्रत्येक दौऱ्याच्या आरंभी डोक्यावरची रुमी टोपी सरळ करत म्हणायचे. पहिल्यांदा ते ऐकून मी आदरानं उभाच राहिलो होतो. मग त्यांनी विचारलं, "गावात वांग्याची भाजी कुणाकडं बरी होते?"

निजामाच्या अमलात नांदेडच्या कचेरीत ते सहकारी सोसायट्यांचे इन्स्पेक्टर होते आणि मी त्यांचा लेखनिक. सोसायट्या शेतकऱ्यांसाठी काढलेल्या. पण आमचा बहुतेक वेळ तिथल्या मुन्शींच्या तरक्कीची, म्हणजे बढतीची, भांडणं मिटवण्यात जाई. तुम्ही कुठल्याही कचेरीत चार दिवस बसला असाल तर तुम्हाला ठाऊक असेल. माणूस एक वेळ भावाला शेताचा बांध सोडून देईल, पण शेजारी बसणाऱ्याला वरची गादी देणार नाही.

निकालाआधी साहेब कुणाकडंच जेवत नसत. निकालानंतर हरलेल्याकडं जेवत. "जिंकलेल्याचं आज स्वयंपाकाकडं लक्ष नसतं," ते म्हणत. "हरलेल्याला मात्र तेवढी एकच अब्रू राखायची असते."

बिलोलीला सदर मुन्शीची, म्हणजे मुख्य कारकुनाची, जागा रिकामी झाली. गोविंदराव आणि किसनराव, दोघंही एकाच दिवशी नोकरीला लागलेले. नोकरी सारखी असेल तर वयानं मोठा असेल त्याला जागा, असा कायदा. जन्माचा दाखला कुणाकडंच नव्हता. आईनं सांगितलेला दुष्काळ हाच काय तो पुरावा. किसनरावांनी अर्जात वय एक्केचाळीस लिहिलं होतं. गोविंदरावांनी बेचाळीस लिहिलं होतं आणि नवी शेरवानीही शिवून घेतली होती.

अडचण एवढीच, की ते विधुर होते आणि देगलूरला त्यांचं दुसरं लग्न ठरत होतं. तिथं त्यांनी वय बत्तीस सांगितलं होतं. ही बातमी साहेबांना पानाच्या दुकानावर कळली. दुसऱ्या दिवशी सुनावणीला मुलीचे वडील पांढरा पटका बांधून पहिल्या रांगेत बसले होते. साहेबांनीच त्यांना मानानं बोलावलं होतं.

"बोला गोविंदराव. उमर?"

गोविंदरावांनी पटक्याकडं पाहिलं, मग शेरवानीच्या गुंड्यांकडं. "बत्तीस, साहेब."

"अर्जात बेचाळीस आहे."

"चुकून लिवलं असंन. तरक्की ऱ्हाऊ द्या."

आता किसनरावांनी फक्त गप्प बसायचं होतं. जागा त्यांचीच होती. त्यांनी प्रयत्नही केला. ओठ मिटले, आढ्याकडं पाहिलं. पण मुलीच्या वडिलांनी होणाऱ्या जावयाकडं बघून समाधानानं मान हलवली, आणि ते काही किसनरावांना सोसवेना.

"लबाड हाय साहेब ह्यो! कुठला बत्तीस? मी अंगणात रांगत व्हतो तवा ह्यो बैलं पाण्यावर न्यायचा!"

"म्हणजे तुमच्याहून मोठे?"

"लई मोठा!"

"लिहा," साहेब मला म्हणाले, "विरुद्ध पक्षाला कबूल."

आपण काय केलं ते किसनरावांना मी शाई टिपत असताना कळलं. गोविंदराव मान खाली घालून बसले होते. गादी मिळाली, बायको गेली. मुलीचे वडील उठले तेव्हा ते आता चपला शोधणार असंच सगळ्यांना वाटलं. पण ते खाकरले.

"आता खरंच बोलायचं म्हणता तर, आमची पोरगी बी बाविसाची न्हाई. तीस हाय."

"मंग काय, जमलंच की!" मागून कुणीतरी म्हणालं.

संध्याकाळी आम्ही किसनरावांकडं जेवलो. भाकरी वाढता वाढता ते थांबले. "साहेब, मी गप का न्हाई बसलो?"

"माणूस स्वतःच्या फायद्यासाठी खोटं बोलतो, किसनराव. दुसऱ्याच्या नुकसानीसाठी मात्र अगदी खरं बोलतो. आमचं खातं त्यावरच चाललंय."

परतताना बैलगाडीत मी विचारलं, "मुलीचे वडील उठून गेले असते तर?"

साहेबांनी टोपी सरळ केली. मग म्हणाले, "तर आज गोविंदरावाकडं जेवलो असतो."

साहेब जाऊन आता बरीच वर्षं झाली. समाचाराला गोविंदराव सपत्नीक आले होते. उन्हात टोपी न घालता आले म्हणून ती देगलूरची बायको त्यांना दारातच रागावत होती. ते साधे मुन्शी म्हणूनच निवृत्त झाले. बिलोलीच्या निकालाला हैदराबादची मंजुरी यायची होती. ती यायच्या आत राज्य गेलं. सदर मुन्शीची जागा पुढं सोसायटीच्या नव्या चेअरमनच्या जावयाला मिळाली. तो दोघांहून लहान होता.