बहात्तर शिट्ट्यांचं पुडिंग

जर्सी सिटीतल्या आमच्या पहिल्या घरात स्वयंपाकघराचं छत पांढरं होतं. भाडेकरारात तसं स्पष्ट लिहिलेलं आहे आणि खाली माझी सही आहे. पुढे त्या छताचं जे झालं त्याला तिघं जबाबदार : मी, माझे सासरे आणि मिसेस टिंबल नावाची एक इंग्लिश बाई. पैकी त्या बाईने अमेरिकेत कधी पाऊल ठेवलं नव्हतं आणि सासऱ्यांना बोलायची आमच्या घरात कुणाची छाती नव्हती. उरलो मी.

मिसेस टिंबल टीव्हीवर स्वयंपाक करायची. ऐंशीच्या दशकात आमच्या टीव्हीवर चार चॅनेल धड दिसायचे, त्यातल्या एकावर दर शनिवारी दुपारी तिचे जुने कार्यक्रम लागत. बाई मूळची नाटकातली नटी. तिथे डाळ शिजली नाही म्हणून एका हॉटेलच्या स्वयंपाकघरात शिरली. तिथे मालकाशी कडाक्याचं भांडण झालं, म्हणून त्याच्याशीच लग्न केलं! (हा नवरा नंबर दोन. पहिल्याविषयी ती बोलत नसे.) तिसरा नवरा सिरिल कार्यक्रमभर तिच्या मागे ताट धरून उभा असायचा आणि बोलणी खायचा. डोक्यावर पिसांची टोपी, हातात कोपरापर्यंत पांढरे मोजे, अशा थाटात बाई मासे साफ करायची. टोपीचं पीस रश्श्यात पडलं की ते चमच्याने बाजूला सारायची आणि कॅमेऱ्याकडे बघून सांगायची, "चुकलं तर माफी मागू नका. हेच करायचं होतं, अशा तोऱ्यात वाढा!"

हे तत्त्वज्ञान मला भलतंच पटलं. मी पुलांची डिझाइन्स करणारा इंजिनियर असल्यामुळे नोकरीत ते वापरायची सोय नव्हती. म्हणून मी एक वही केली आणि बाईच्या पाककृती उतरवून घ्यायला लागलो. माझी बायको सुधा हॉस्पिटलच्या लॅबमध्ये दिवसभर उभी राहून घरी येई आणि पोळ्या लाटता लाटता विचारी, "अहो, ही वही शिजवून खायची आहे का? त्यापेक्षा एखाद दिवशी कुकर लावा!"

तो दिवस आला. माझा व्हिसा मार्चमध्ये संपत होता आणि ग्रीन कार्डाच्या अर्जाला साहेबांचं पत्र लागत होतं. त्यात लिहायचं असे की, आम्ही जाहिरात दिली, पुष्कळ शोध घेतला, पण ह्या गृहस्थाचं काम करू शकेल असा एकही अमेरिकन मिळाला नाही. आमचे साहेब मिस्टर व्हिटलो मूळचे इंग्लंडचे, सचोटीचे. पत्र टाइप होऊन सहा आठवडे त्यांच्या टेबलावर सहीसाठी पडलं होतं. इतकं धडधडीत खोटं लिहून द्यायला त्यांना जड जात असावं. आणि ती सही झाली नाही तर मार्चमध्ये आमचा बाडबिस्तरा गोळा! सुधाला लॅबमध्ये नुकतंच कायम केलं होतं. ती रोज विचारायची, "झाली का हो सही?" आणि मी रोज शनिवारची वाट बघायचो.

डिसेंबरात एकदा डबा खाताना साहेबांनी उसासा सोडला. "ह्या देशात नाताळचं खरं पुडिंग कुणाला जमतच नाही," ते म्हणाले.

घास गिळायच्या आधीच मी बोलून गेलो, "सर, रविवारी आमच्याकडे या. मी करतो!"

"तुम्ही?" घरी सुधाने विचारलं. "तुम्ही दूध तापवलंत की मला भांडं फेकून द्यावं लागतं!"

"मिसेस टिंबलची कृती आहे माझ्याकडे. शब्द न् शब्द."

"मग तिलाच सही करायला सांगा," ती म्हणाली.

रविवारी तिची सकाळची शिफ्ट होती. "दोनला येते. उसळ, पुऱ्या, मसालेभात मी करीन. तुम्ही फक्त पुडिंगला हात लावा, दुसऱ्या कशालाही नको," असं बजावून ती गेली. साहेब तीनला येणार होते. घरी मी आणि अण्णा. अण्णा म्हणजे सुधाचे वडील, साताऱ्याच्या शाळेतले गणिताचे निवृत्त मास्तर, सहा महिन्यांसाठी आलेले. त्यांच्या हाताखालून तीन पिढ्या गेल्या होत्या आणि चौथी म्हणजे आपण, अशी भावना मला त्यांच्यासमोर कायम होत असे.

मी वही उघडली. कृतीत गाईची चरबी होती. अण्णांनी नुसतं बघितलं, मी तूप घेतलं. अंडी होती. अण्णा खाकरले, मी अंडी परत फ्रिजमध्ये ठेवली. ब्रँडीच्या जागी सफरचंदाचा रस आला. असं करत करत मूळ कृतीतले बेदाणे, साखर आणि पावाचा चुरा एवढेच शिल्लक राहिले. ते कालवून, चक्का बांधतो तसं फडक्यात बांधून मी पुढची ओळ वाचली आणि पायाखालची जमीन सरकली. 'आठ तास वाफवा.' दहा वाजले होते.

"अण्णा, आठ तास! सहा वाजतील! साहेब तीनला येतायत!"

"घाबरता काय जावईबापू?" अण्णा म्हणाले. "कुकर आहे ना?"

"पण ह्या बाईने शिट्ट्या कुठे दिल्यायत?"

"तिने नाही दिल्या तर आपण काढू. साधं त्रैराशिक आहे!" आणि त्यांनी माझ्या वहीच्या मागच्या पानावर गणित मांडलं. उघड्या पातेल्यात भाताला वीस मिनिटं लागतात, कुकरमध्ये तीन शिट्ट्या. वीस मिनिटांना तीन, तर चारशेऐंशी मिनिटांना किती? "बहात्तर!" त्यांनी उत्तराखाली दोन रेघा ओढल्या. मी स्वतः इंजिनियर. त्या गणितात मला काडीची चूक दिसली नाही.

कुकर चढला. अण्णा खुर्ची टाकून शेजारी बसले आणि पेन्सिलीने रेघोट्या मारायला लागले. सतराव्या शिट्टीला खालच्या मजल्यावरच्या मिसेस रोझारियो दार ठोठावायला लागल्या.

"इज देअर अ ट्रेन इन युअर किचन?"

"सेव्हन्टीन!" अण्णा आतून ओरडले. "प्लीज वेट!"

मी बाईंना समजावून परत आलो तेव्हा अण्णा अस्वस्थ होते. "तुमच्या बोलण्यात माझी मोजणी चुकली हो. बावीस झाल्या की तेवीस?"

"तेवीस धरू या."

"छे! मोजणीत सवलत नाही. बावीसच धरायच्या," अण्णा म्हणाले. दोनदा पाणीही त्यांच्याच देखरेखीखाली घातलं. (परीक्षेत पाणी देतात तसं, मध्यंतर म्हणून.)

एकेचाळिसाव्या शिट्टीनंतर कुकर गप्प झाला. पाच मिनिटं झाली, सात झाली, शिट्टी नाही.

"दमला असेल," मी म्हणालो.

"गॅस वाढवा. अजून एकतीस बाकी आहेत."

मी गॅस वाढवला. शिट्टीच्या भोकात एक फुगलेला बेदाणा जाऊन बसलाय, हे आम्हाला नंतर कळलं. आधी कळला तो आवाज! धडाम्! कुकरचा सेफ्टी व्हॉल्व्ह उडाला, मागोमाग चॉकलेटी कारंजं उसळलं आणि अर्धं पुडिंग छतावर गेलं. अण्णा टेबलाखाली होते. मी त्यांच्याही आधी होतो. गॅस बंद करायला कुणी जायचं ह्यावर तिथे आमची दहा मिनिटं चर्चा झाली, तेवढ्यात उरलेलं अर्धं पुडिंग तळाशी करपून दगड झालं.

सुधा दोनला आली. आधी छत बघितलं, मग मला, मग वडिलांना.

"अण्णा, तुम्ही सुद्धा?"

"गणित बरोबर होतं," अण्णा म्हणाले. वरून एक बेदाणा त्यांच्या खांद्यावर पडला.

ती ओरडली असती तर बरं झालं असतं. तिने निमूट पदर खोचला आणि उसळ फोडणीला टाकली. मग पुऱ्या लाटायला घेतल्या. पहिल्यांदाच मला माझी लाज वाटली. सहा आठवडे ही बाई त्या सहीसाठी देव पाण्यात घालून बसली होती आणि मी छत रंगवून ठेवलं होतं!

साहेब तीनच्या ठोक्याला आले. उसळ-पुरी मिटक्या मारत खाल्ली. मग म्हणाले, "आणि पुडिंग?"

सुधाने मान खाली घातली. मला मात्र टिंबलबाई आठवली. मी आत गेलो, तो काळा गोळा लग्नातल्या चांदीच्या ताटात ठेवला, वर कोथिंबिरीची काडी खोचली आणि हेच करायचं होतं अशा तोऱ्यात बाहेर आणला. साहेबांनी चमचा मारला. टण्ण! त्यांनी सुरी मागितली. मग जाडजूड सुरी मागितली. एक टवका तोंडात टाकून ते कितीतरी वेळ चावत राहिले आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. मला वाटलं, दात गेला.

"अगदी माझ्या आईच्या हातची चव!" ते म्हणाले. "ही कृती कुणाची?"

"मिसेस टिंबलची, सर."

"टिंबल! माझी आई दर नाताळात तिचा कार्यक्रम बघत बसायची आणि चुलीवरचं पातेलं विसरायची. आमच्या गल्लीत घरोघरी तेच!" मग त्यांनी मला न कळलेला बाईचा शेवटही सांगितला. थेट प्रक्षेपणात, वर ब्रँडी ओतून पेटवलेल्या पुडिंगने सिरिलच्या केसांच्या टोपाला आग लागली. बाईने त्यावर कस्टर्ड ओतलं, "असंच करायचं असतं," म्हणाली आणि पुढचा पदार्थ घेतला. चॅनेलने तिला काढलं. पुढे बाई बाजारपेठांत उभी राहून कस्टर्डची पावडर विकायची. "आई तिच्याकडून दर महिन्याला एक डबा आणायची," साहेब म्हणाले आणि दुसरा टवका मोडायला लागले.

निघताना हात धुवायला ते स्वयंपाकघरात आले आणि त्यांनी वर पाहिलं. छत बराच वेळ निरखलं.

सोमवारी सही झाली. संध्याकाळी मी पत्र सुधाच्या हातात दिलं. तिने छताखाली उभं राहून ते मोठ्याने वाचलं : 'पुष्कळ शोध घेऊनही ह्या गृहस्थांसारखं काम करणारा दुसरा माणूस आम्हाला संपूर्ण अमेरिकेत आढळला नाही.'

तिने एकदा वर पाहिलं, मग डोळे पुसत पत्राची नीट घडी घातली.

"साहेब खरंच सचोटीचे आहेत हो," ती म्हणाली. "एक अक्षर खोटं लिहिलेलं नाही!"