विहिरीचं पान

"ह्यात काय हाय?"

फाटकं पुस्तक समोर ठेवलं की आमच्या कॉलेजचे बाइंडर आधी त्याच्या पाठीवरून अंगठा फिरवायचे आणि मग हा प्रश्न विचारायचे. उत्तर मिळाल्याशिवाय पुस्तकाला सुई लागायची नाही. त्यांच्याकडं कापडाचे तीनच तागे होते, काळा, तांबडा आणि हिरवा, आणि कुठल्या पुस्तकाला कुठलं कापड लावायचं हे आत काय घडतं त्यावर ठरायचं. कुणी मरत असेल तर काळं. लढाई, भांडणतंटा असेल तर तांबडं. बाकी सगळं हिरवं. पदार्थविज्ञानाचं अख्खं कपाट हिरवंगार होतं. "त्यात कोण मरत न्हाई," असं त्यांचं म्हणणं.

इथं मी त्यांना अहो-जाहो करतोय, हे माझं उशिरा आलेलं शहाणपण समजा. तेव्हा मी त्यांना सरळ 'अरे बाइंडर' म्हणायचो. सगळेच म्हणायचे. ते पन्नाशीचे आणि मी सव्वीस वर्षांचा, पण मी एम.ए. होतो ना! साठच्या दशकात, सांगलीच्या विश्रामबागेतल्या एका कॉलेजात मी इंग्रजी शिकवत होतो. निदान शिकवतोय असं मला तरी वाटत होतं. मुलांचं मत मी कधी विचारलं नाही.

एकदा त्यांनी एक कादंबरी पुढं केली. "सर, ह्यात काय हाय?" ती मी वाचली नव्हती. पण इंग्रजीच्या प्राध्यापकानं 'वाचली नाही' म्हणायचं म्हणजे भटजीनं पळी-पंचपात्री विसरण्यातला प्रकार. "सगळं गोड होतं शेवटी," मी ठोकून दिलं. पुस्तक हिरव्या कापडात गेलं. महिन्याभरात आमच्या विभागप्रमुखांनी ते मला टेबलावर आपटून दाखवलं. आत नायक, नायिका आणि नायिकेची आई अशी तिघंही मेली होती. बाइंडर एवढंच म्हणाले, "तुमी वाचलंच न्हवतं व्हय, सर? आदी सांगायचं की. मी थांबलो असतो."

मागच्या पडवीत त्यांचं टेबल होतं. चिकटवायच्या खळीत ते मोरचुदाबरोबर चिमूटभर हळद घालायचे. कसर लागत नाही म्हणायचे. सांगलीत हळदीला काय तोटा! त्यामुळं आमच्या ग्रंथालयातली शोकांतिकासुद्धा लग्नघरासारखी वास मारायची.

मग एक दिवस विलायतेहून भेट आलेल्या पुस्तकांची पेटी उघडली आणि त्यात तीन कथासंग्रह निघाले. आफ्रिकेतल्या लेखकांनी इंग्रजीत लिहिलेल्या गोष्टी. पातळ पुठ्ठ्याची पुस्तकं ती, पहिल्या वाचनातच पानं सुटायला लागलेली. त्या काळात तिकडचे देश एकामागून एक स्वतंत्र होत होते, वर्तमानपत्रात रोज नवं नाव यायचं. माझ्या डोक्यात किडा वळवळला. मराठीत आफ्रिका आणायची ती आपणच! स्वतः मी तोवर बेळगावपर्यंत गेलो होतो, तेही मावसभावाच्या लग्नाला.

पुस्तकं शिवायला टाकली. "ह्यात काय हाय?"

"आफ्रिकेतल्या गोष्टी आहेत."

"ते झालं. पर हाय काय त्यात?"

तिन्ही संग्रह मिळून चाळीसेक गोष्टी. आता ठोकून देण्याची छाती नव्हती. मग असं ठरलं की रोज दुपारी माझा तास नसेल तेव्हा मी पडवीत बसून एक गोष्ट मराठीत सांगायची, ते इतर पुस्तकं शिवत ऐकणार, आणि सगळ्या संपल्या की कापड ठरणार. माझाही भाषांतराचा सराव होणार होता. फुकटचा श्रोता कोण सोडतो?

त्या पडवीत मी जे शिकलो ते एम.ए.ला कुणी शिकवलं नव्हतं. गोष्ट साधारण असली की त्यांची सुई चालू राहायची. रंगली की सुई अर्ध्यात थांबायची, दोरा तसाच लोंबत राहायचा. मी दोऱ्यावर डोळा ठेवूनच सांगायचो. दुष्काळात गुरं घेऊन निघालेल्या बापलेकीची गोष्ट सांगितली तेव्हा सुई थांबली आणि ते म्हणाले, "हे तर आमचं माण. आमची आत्या अशीच गेली, दोन शेरडं घिऊन." भावाची जमीन लाटणाऱ्या मुखियाची गोष्ट संपल्यावर हसून म्हणाले, "ह्यो तर आमचा पाटील! नावं तेवढी अवघड हायती सर, माणसं लय वळखीची."

मी मात्र माझ्या वहीत 'आफ्रिकी मनाची गूढता' असलं काहीतरी लिहून ठेवत होतो.

आणि मग ती गोष्ट आली.

एका गावात लोहारांचं एक घर असतं. गाव त्यांनी केलेली कुदळ घेतं, पण त्यांच्या हातचं पाणी घेत नाही. विहिरीवर त्यांनी लांब उभं राहायचं, कुणीतरी वरून ओतायचं, त्यांनी ओंजळ धरायची. त्या घरातला मुलगा शहरात शिकून त्याच गावच्या शाळेत मास्तर होऊन येतो. दिवसभर गावाची पोरं त्याच्यापुढं बसतात. संध्याकाळी तो बूट घालून विहिरीवर जातो, आणि कुणी काही म्हणायच्या आधी आपोआप चार पावलं मागं सरकतो आणि ओंजळ धरतो. एका पानाचा प्रसंग. मग त्याची म्हातारी आई मरते, आणि तो दुसऱ्या दिवशी शाळा उघडतो.

बाइंडर कोण होते हे मला ठाऊक होतं. छपन्न साली त्यांच्या घरानं धर्म बदलला होता, हेही ठाऊक होतं. आता यांच्यापुढं ते विहिरीचं कसं सांगायचं? त्यांना वाईट वाटेल. असं मी मनाशी म्हणालो आणि ते पान टाळून म्हातारीवरून थेट शाळेवर उडी मारली. वाईट त्यांना वाटणार नव्हतं, अवघडायला मला होणार होतं. हे कळायला पुढं बराच वेळ गेला. त्या दुपारी सुई एकदाही थांबली नाही. मला वाटलं, गोष्टच साधारण असेल.

पुढं हीच गोष्ट मी एका मासिकाला पाठवली, त्या पानाशिवाय. वर टीप जोडली : 'मूळ कथेतील एक प्रसंग मराठी वाचकाला परका वाटेल म्हणून गाळला आहे.' वाचा, वाचा पुन्हा एकदा! ही टीप लिहिणारा हात माझाच. छापून आली, मी शिक्षकखोलीत पेढे वाटले. बाइंडरांनीही एक घेतला.

तिन्ही संग्रह मात्र टेबलावर तसेच पडून. विचारलं की म्हणायचे, "कापड ठरंना, सर."

पुण्याच्या एका प्रकाशकानं बारा गोष्टींचं हस्तलिखित मागवलं तेव्हा मला आकाश ठेंगणं झालं. स्वतःचं पुस्तक! सुवाच्य अक्षरात सगळं उतरवून काढलं आणि शिवायला दिलं. चार दिवसांनी ते हातात आलं, तांबड्या कापडात, देखणं. चाळताना लोहाराच्या गोष्टीच्या मध्ये एक पान कोरं दिसलं. जाड, दोन्हीकडच्या पानांना खळीनं पक्कं धरलेलं.

"बाइंडर, हे कोरं पान कसलं रे?"

"तुमी गाळलेलं."

मी पान उलटलं, मागची बाजूही कोरीच.

"पोरीनं वाचून दाखिवलं मला इंग्लिशमधनं. ती यंदा कालेजात हाय. तुमी सांगितलं त्या दिवशीच कळलं हुतं म्हना. म्हातारीजवळनं एकदम शाळंत गेलात, मधी शिवण उसवली. आवं सर, मी बाइंडर हाय. गेलेलं पान मला कळायचं न्हाई व्हय?"

"तुला वाईट वाटेल म्हणून..."

"मला?" ते हसले. चिडले असते तर बरं झालं असतं. "वाईट वाटायचं ते वाटून झालंया, सर. ते पान वाचताना पोरगी म्हनली, बाबा, ह्यो तिकडं लांब बसून आपलं लिवतोय. लय बरं वाटलं आमाला. आन् तुमी तेवढंच काढलं."

तेव्हा माझी नजर त्यांच्या पायाशी असलेल्या पितळी तांब्यावर गेली. पडवीच्या दारातच कॉलेजचा माठ होता, वर पाणी काढायचं ओगराळं. पाच वर्षं मी त्या माठातलं पाणी पीत होतो आणि पाच वर्षं हा माणूस घरून तांब्या आणत होता. आणि मी आफ्रिकी मनाची गूढता शोधत होतो. लाज वाटली. अशी लाज की कान तापले.

दुसऱ्या दिवशी त्या कोऱ्या पानावर विहिरीचा प्रसंग लिहून मी पडवीत गेलो. पण माझ्यातला नट कुठला गप्प बसतोय! आधी माठातून पेला भरला, सगळ्यांना दिसेल असा उंच धरून त्यांच्यापुढं नेला आणि पहिल्यांदाच म्हणालो, "घ्या, तुम्ही."

त्यांनी पेल्याकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं. "मला तहान न्हाई, सर. पान वाचा."

पेला तसाच हातात धरून मी वाचलं. मास्तर मागं सरकतो तिथं माझा आवाज फाटला, आणि ते सोंग नव्हतं. त्यांच्या हातात सुई होती. दोरा लोंबत राहिला.

त्याच दिवशी तिन्ही संग्रहांचं कापड ठरलं. पाठ काळी, अंगाला हिरवं. असं त्यांनी आधी कधी केलं नव्हतं. "म्हातारी मेली म्हनून पाठ काळी," ते म्हणाले. "पर पोरानं शाळा उघडली न्हवं? मग हिरवं पायजे."

आता माझ्या पराक्रमाचा शेवट ऐका. पुण्याचे प्रकाशक सज्जन होते, चहा दिला. म्हणाले, "छापू. ते विहिरीचं पान तेवढं काढा. लोकांना उगाच वाटायचं, आपल्याबद्दलच लिहिलंय." आणि मी काय म्हणालो असेन? "बरं" म्हणालो! त्यांच्याच टेबलावरचं ब्लेड घेतलं आणि कापायला बसलो. पुस्तक व्हायचं होतं हो माझं. पण ब्लेड शिवणीत शिरेना, पान ओढलं तर शेजारची दोन्ही पानं बरोबर यायला लागली, त्यांच्या मागून पुढची. वर हळदीचा वास आला. मी ब्लेड खाली ठेवलं, हस्तलिखित पिशवीत घातलं आणि स्वारगेटला येऊन सांगलीची एसटी पकडली. याला कुणी बाणेदारपणा म्हणू नये.

बाइंडरांना सगळं सांगितलं. ब्लेडचंही सांगितलं. वाटलं होतं, निदान शाब्बास म्हणतील. त्यांनी हस्तलिखित घेतलं, पाठीवरून अंगठा फिरवला, आणि म्हणाले, "शिलाई टिकली म्हनायची."

मग आपला तांब्या माझ्यापुढं केला. "घ्या. लांबनं आलाय." मी प्यालो.

दोन वर्षांनी ते निवृत्त होऊन आपल्या गावी, माणकडं गेले. मुलगी वाईला एका शाळेत शिकवायला लागली. ते वारल्याचं कार्ड तिनंच घातलं होतं, इंग्रजीत. खाली मराठीत एक ओळ होती : 'बाबा शेवटी शेवटी विचारत होते, सरांचं पुस्तक निघालं का.'

निघालं नाही. निघणारही नाही. तांबड्या कापडातलं ते हस्तलिखित माझ्या टेबलावर असतं. कुठूनही उघडायला जावं तर जाड पानापाशीच उघडतं, आणि मास्तर बूट घालून विहिरीशी उभा असतो. मी रोज त्याला हाक मारतो, अहो, पुढं या. तो काही येत नाही. पण पान मात्र मी आता चुकवत नाही.