धम्मशीलानं वऱ्हाडाला खेळायला बसवलं

ताडकळसला बुद्धविहाराच्या पाठीमागं धम्मशीलाचं घर आहे. ओसरीत शिलाई मशीन, खुंट्यांना टांगलेले ब्लाऊज, आणि मशीनच्या फळीवर कात्रीशेजारी कोपऱ्यात काच तडकलेला एक मोबाईल. बाजाराच्या दिवशी आसपासच्या खेड्यांतल्या बाया ब्लाऊज न्यायला येतात. पिशवीत ब्लाऊज पडला, की हळूच स्वतःचा मोबाईल पुढं करतात.

"ताई, तो गोट्या फोडायचा गेम टाका की ह्याच्यात."

धम्मशीला टाकून देते. त्याचे पैसे घेत नाही. फक्त कुठलाही गेम आधी स्वतः खेळून बघते. पैसे लावायचा असला, की तिथल्या तिथं काढून टाकते आणि मागणाऱ्या बाईला चार गोष्टी सुनावते.

हे वेड तिला दुखण्यातून लागलं. एका वर्षी गावात चिकनगुनियाची साथ आली. धम्मशीलाचा ताप उतरला, पण सांधे धरले ते धरलेच. कात्री हातात धरवेना, मशीन बंद पडली. नवरा नागसेन गंगाखेडला साखर कारखान्यात कामाला. सुट्टीला घरी आला तेव्हा त्यानं आपला जुना मोबाईल तिच्या उशाशी ठेवला. "पडल्या पडल्या काहीतरी बघत जा," म्हणाला. त्यात लुडो होता. धम्मशीला मोबाईलशीच खेळायला लागली. पहिल्यांदा हरली, मग जिंकायला लागली, आणि जिंकून जिंकून कंटाळली. सोंगटी मारली तर समोर कुणी चिडायला नाही, आपण हरलो तर कुणी हसायला नाही. असल्या जिंकण्यात काय मजा?

समोरच्याच ओसरीत तिची थोरली जाऊ बबिता राहायची. अंगण एक, नळ एक, आणि त्या नळाच्या पाळीवरून दोघींचं बोलणं बंद झालेलं. कितीतरी दिवस एकमेकींकडं बघायच्या आणि मान वळवायच्या. त्या दुपारी धम्मशीलाला राहवलं नाही. ओसरीतूनच तिनं हाक मारली.

"अक्का, मोबाईल आणा तुमचा."

बबिता दचकली. "कामून?"

"आणा म्हणते ना. खायली न्हाई मी तुमच्या मोबाईलाला."

बबिता मोबाईल घेऊन आली. धम्मशीलानं दोन्ही मोबाईल जवळ धरले, दुखऱ्या बोटानं दाबत दाबत लुडो तिकडं पाठवला, कसं खेळायचं ते सांगितलं. मग दोघी आपापल्या ओसरीत बसून खेळायला लागल्या आणि थोड्याच वेळात अंगणात आरडाओरडा सुरू झाला. सासू सरजाबाई झोपेतून उठून धावत बाहेर आली. तिला वाटलं, नळावरून पुन्हा जुंपली.

"अगं कुणी मारलं? कुणाला मारलं?"

"तुमच्या धाकट्या सुनेनं मारली, आत्या! माझी सोंगटी घराच्या दारात आलेली मारली!" बबिता ओरडली, आणि ओरडता ओरडता हसायला लागली. धम्मशीलाही हसली. नळाची पाळी त्या दिवसापासून कुणी मोजली नाही.

सरजाबाईलाही मग शिकवावं लागलं. लहानपणी फरशीवर खडूनं घरं आखून ती कवड्यांनी खेळलेली. डाव तिला एका बैठकीत समजला. मोबाईल तेवढा समजायला वेळ लागला. चूल सारवावी तसा ती काचेवर हात दाबायची.

"हळू, आत्या, फुटंल तो."

"फुटू दे. सहा पडला का बघ आधी."

हळूहळू धम्मशीलाचे सांधे मोकळे झाले, मशीन पुन्हा चालू झाली. अशी दोन वर्षं गेली आणि बबिताच्या लेकीचं, निकिताचं लग्न ठरलं. मुलगा सुगत, पाथरीचा, शाळेत शिक्षक. मे महिन्यातला रविवार धरला. विहारासमोरच्या मैदानात मंडप घातला, तथागतांची आणि बाबासाहेबांची प्रतिमा मांडली, कूलर लावले. निकिताचे वडील किशनराव आठवडाभर जेवायला धड बसले नव्हते. पाहुण्यांना कशाची कमी पडायला नको, एवढंच त्यांच्या तोंडात.

वऱ्हाड पाथरीहून जीपा करून वेळेच्या आधीच पोचलं. आणि ते टेकतं न टेकतं तोच लाईट गेली. किशनरावांनी जनरेटर आणून ठेवला होता. तो दोनदा खोकला आणि गप्प झाला. वरून लग्न लावणारे बौद्धाचार्य पूर्ण्याला दुसऱ्या लग्नात अडकलेले. "निघालोच" असा त्यांचा फोन येऊन बराच वेळ झालेला. मंडपाचं कापड तापलं. लहान लेकरं रडायला लागली. मोठी माणसं पत्रिकेनं वारा घेत एकमेकांकडं बघायला लागली.

नवरदेवाचे मामा दिनकरराव पाटबंधारे खात्यातून रिटायर झालेले. पांढरा सफारी, खिशाला पेन. ते उठले आणि मंडपाच्या मधोमध उभे राहिले.

"किशनराव, ही काय व्यवस्था हाय? आमच्या माणसांना काय भाजायला बोलावलं का तुमी?"

"मामा, लाईट आमच्या हातात हाय का? माणूस पाठवलाय जनरेटरसाठी..."

"आन् लग्न लावणारे? ते बी तुमच्या हातात न्हाईत?"

किशनराव हात जोडून उभे राहिले. दिनकररावांनी आपली खुर्ची उचलली, मंडपाकडं पाठ केली आणि रस्त्याकडं तोंड करून बसले. त्यांचं बघून शेजारच्यांनी खुर्च्या फिरवल्या. बघता बघता अर्धं वऱ्हाड मंडपाकडं पाठ करून बसलं. आत विहारात बबितानं ते बघितलं आणि तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. पांढऱ्या साडीत नटून बसलेली निकिता नुसती बांगड्या मागं-पुढं करत राहिली.

धम्मशीला ताकाचे पेले घेऊन बाहेर आली. पेला कुणी घेत होतं, कुणी नको म्हणत होतं. एका कडेला नवरदेवाची बहीण प्रज्ञा मोबाईल डोक्याच्या वर धरून रेंज शोधत होती.

"काय होईना का?" धम्मशीलानं विचारलं.

"न्हाई ना काकू. नुसतं फिरायलंय."

"लाईट गेली की आमचा टावर बी झोपतोय. गेम हाय का मोबाईलात?"

"नेटवरचा हाय, तो बी बंद."

धम्मशीलानं पेल्यांचं ताट खाली ठेवलं आणि कमरेचा मोबाईल काढला. "माझा बिना नेटचा हाय. कर इकडं तुझा."

प्रज्ञाच्या मोबाईलात लुडो उतरला. बाजूच्या दोन पोरी वाकून बघत होत्या. "आमच्याकडं बी पाठवा की." त्यांच्याकडंही गेला. त्यांनी आपल्या काकूंना पाठवला, काकूंनी भाच्याला. धम्मशीलानं हॉटस्पॉट चालू केला आणि मोठ्यानं सांगितलं, "हे बघा, आता चौघं एकाच डावात. दोन ताडकळसचे, दोन पाथरीचे. बघू कोण हरतंय!"

हे शेवटचं वाक्य बरोबर कामाला आलं. पाथरीकडून प्रज्ञा आणि तिची काकू, ताडकळसकडून धम्मशीला आणि डोळे पुसत बाहेर आलेली बबिता. पहिला सहा पडला तेव्हा फक्त चौघीच ओरडल्या. पहिली सोंगटी मेली तेव्हा आजूबाजूची माणसं उठून आली. एका खुर्चीचं तोंड मंडपाकडं झालं, मग दुसरीचं, मग रांगच्या रांग फिरली. मागच्यांना दिसेना म्हणून पुढचा एकजण मोठ्यानं सांगायला लागला, "ताडकळसला चार! पाथरीला तीन! अरे मेली, मेली, पाथरीची मेली!"

पाठमोरे आता एकटे दिनकरराव उरले. ते रस्त्याकडंच बघत होते, पण मान जरा तिरकी झाली होती.

"कोण जिंकायलंय?" त्यांनी मागं न बघता विचारलं.

"मामा, आपण हरायलोत!" प्रज्ञा ओरडली.

"हरायलोत म्हणजे?" दिनकरराव ताडकन उठले. "आन तो मोबाईल इकडं. आमी क्लबात कॅरम खेळलेली माणसं आहोत."

पाथरीकडून दिनकरराव बसले म्हटल्यावर ताडकळसकडून कोण, असा प्रश्न आला. धम्मशीलानं क्षणभर विचार केला आणि सरजाबाईच्या हातात आपला मोबाईल दिला. वऱ्हाडात हशा पिकला. दिनकररावही हसले.

"आजी, येतंय का तुम्हाला?"

"बसा तर खरं," सरजाबाई म्हणाली.

डाव असा रंगला की स्वयंपाकी कढई सोडून आला. दिनकरराव घाईनं खेळायचे, एकच सोंगटी पळवायचे. सरजाबाई एक सोंगटी मागं राखून ठेवायची आणि पाहुण्याची वाट बघत बसायची. तरी फासा दिनकररावांच्या बाजूनं होता. त्यांच्या तीन सोंगट्या घरात गेल्या. चौथी घराच्या वळणाशी येऊन थांबली. आता एकदा पुढं सरकली, की तिला कुणी हात लावू शकणार नव्हतं.

त्याच वेळी एक मोटारसायकल मैदानात शिरली. घामानं भिजलेले बौद्धाचार्य उतरले, माफी मागत घाईनं मंडपात आले, आणि बघतात तर त्यांच्याकडं कुणाचं लक्षच नाही. किशनराव धावत पुढं गेले. "या सर, या, सगळे तुमचीच वाट बघायलेत..."

"सर, जरा थांबा," गर्दीतून दिनकररावांचा आवाज आला. "एवढा डाव होऊ द्या."

सरजाबाईनं फासा टाकला.

"पाच!" सगळे ओरडले.

"पाचावर कोण हाय?" तिनं विचारलं.

"मामाच हायेत, आत्या," धम्मशीला म्हणाली.

किशनराव आईच्या कानाशी वाकले. "आई, दुसरी सोंगटी चाल. आत्ता कुठं पाव्हणे हसायलेत. पुन्हा नाराज झाले तर काय करायचं?"

सरजाबाईचं बोट काचेच्या वर थांबलं. तिनं मान वर करून समोर बघितलं.

"दिनकरराव, मारू का?"

दिनकररावांच्या कपाळावरून घाम ओघळत होता. त्यांनी आपल्या सोंगटीकडं बघितलं, मग म्हातारीकडं. "इचारता काय, आजी? मारा! सोडली तर मी जेवायचा न्हाई."

सरजाबाईनं बोट दाबलं. सोंगटी टक टक टक करत पाच घरं गेली आणि दिनकररावांची सोंगटी सर्रकन मागं, पार सुरुवातीच्या घरात जाऊन पडली. मंडपात जो आरडाओरडा झाला, तो ऐकून रस्त्यानं जाणारी माणसं आत आली. पाथरीच्या बायासुद्धा टाळ्या वाजवत होत्या. दिनकररावांना सहा काही पडेना. पुन्हा पुन्हा फासा टाकला, कधी दोन, कधी तीन. तेवढ्यात सरजाबाईच्या उरलेल्या सोंगट्या एकामागून एक घरात गेल्या.

दिनकरराव उठले. किशनरावांनी पुन्हा हात जोडले. पण दिनकररावांनी आपली खुर्ची उचलली, सरजाबाईच्या शेजारी आणून ठेवली आणि खाली वाकून तिच्या पायांना हात लावला. "आजी, पुढच्या वेळी असं मागं दबा धरून बसायचं न्हाई."

कूलर कधीचे चालू झाले होते. लाईट आल्याचं कुणाच्याच ध्यानात आलं नव्हतं.

मग मोबाईल खिशात, पिशवीत, कमरेला गेले. सगळे उभे राहिले. त्रिशरण-पंचशील झालं, निकिता-सुगतनं एकमेकांना हार घातले, फुलं पडली. जेवणाच्या पंगतीत पाथरीची आणि ताडकळसची माणसं मिसळून बसली होती, आणि कुणी कुणाला मारलं याच्याच गोष्टी चालल्या होत्या. निकिताला निरोप देताना सगळ्यांचे डोळे भरले. जीप सुरू झाली तेवढ्यात दिनकरराव खाली उतरून धम्मशीलाकडं आले.

"ताई, तेवढा माझ्या मोबाईलात टाकून द्या. प्रज्ञा आपला देत न्हाई."

धम्मशीलानं जीपच्या बॉनेटवर मोबाईल ठेवून गेम पाठवला. वऱ्हाड तेवढा वेळ थांबलं.

सासरी निकिता पहिले काही दिवस बुजलेली होती. नवं घर, नवी माणसं, काय बोलावं कळेना. मग एका दुपारी मामेसासरे बाहेरूनच ओरडत घरात आले. "निकिता, तुझ्या काकूला फोन लाव. नेट चांगलं हाय आज, तिकडच्यांना डावात बोलाव." पाथरीहून दिनकरराव आणि निकिता, ताडकळसहून बबिता आणि धम्मशीला. मायलेकींचं सुखदुःख फासे टाकता टाकता होऊन जायचं. नागसेनही कारखान्यातून सुटला की गंगाखेडहून घुसायचा आणि हमखास हरायचा. धम्मशीलाला तर दुपारी मशीनवर बसवेनासं झालं. "थांबा हो जरा, माझी पाळी आलीय," असं ती ब्लाऊज मागायला आलेल्या बाईला सांगायची, आणि ती बाईसुद्धा तिथंच टेकून डाव बघत बसायची.

पुढं थंडीत सरजाबाईनं हट्ट धरला. मोबाईलवरून नको, समोरासमोर खेळायचं. आजवर ती पाथरीला कधी गेली नव्हती. धम्मशीला तिला एसटीनं घेऊन गेली. सगळा रस्ता म्हातारी खिडकीशी बसून तिला विचारत होती, "दिनकरराव सुधारले का गं? का अजून घाईच करतेत?"

दिनकरराव स्टँडवर घ्यायला आले होते. हातातली पिशवी त्यांनी घेतली, पण घरी पोचेपर्यंत दोघांत लुडोशिवाय दुसरी गोष्ट झाली नाही. चहा येण्याआधी पहिला डाव लागला. तो दिनकरराव जिंकले. या वेळी त्यांनीही एक सोंगटी मागं राखून ठेवली होती. दुसरा सरजाबाईनं घेतला. तिसऱ्या डावात दोघं अगदी बरोबरीला आले असताना निकितानं ताटं वाढली आणि दोघांच्या हातातले मोबाईल काढून घेतले.