आईची पाठ आणि मागच्या चाकांतली हवा

सिंगापुरात सेंगकांगला आमच्या ब्लॉकशेजारी बहुमजली कार पार्क आहे. दर महिन्यातल्या एका रविवारी सकाळी मी त्याच्या चौथ्या मजल्यावर आमच्या गाडीच्या चाकाशी उकिडवा बसलेला असतो. शेजाऱ्यांना आता सवय झाली आहे. सुरुवातीला फिरायला निघालेले एक चिनी आजोबा थांबून विचारायचे, "पंक्चर, आह?" मी म्हणायचो, "नो अंकल, चेकिंग ओन्ली." ते मान हलवून पुढे जायचे. काही बिघडलेलं नसताना माणूस चाकाशी का बसतो, हे त्यांना पटत नसावं.

हवा मोजायची ती गाडी रात्रभर उभी राहिल्यावर, टायर थंड असताना. पेट्रोल किऑस्कवर, म्हणजे पंपावर, हवेचं यंत्र फुकट असतं, पण तिथवर जाईपर्यंत टायर तापतात आणि आकडा वाढलेला दिसतो. म्हणून मी हवा मोजायचा स्वतःचा गेज ठेवतो आणि गाडीच्या सॉकेटवर चालणारा एक छोटा पंपही. पुण्यात थंडी पडली की टायरमधली हवा उतरायची, उन्हाळ्यात चढायची. इथे बारा महिने सकाळ सारखीच. त्यामुळे आकडा बदलला तर हवामानाकडे बोट दाखवता येत नाही, खरं कारण शोधावं लागतं. मला ते बरं वाटतं.

आमची गाडी एसयूव्ही आहे, उंच आणि जड. ड्रायव्हरचं दार उघडलं की आतल्या खांबावर कंपनीने लावलेला एक स्टिकर दिसतो. त्यावर दोन ओळी आहेत. पहिली तीन माणसांपर्यंतची: पुढे तेहतीस, मागेही तेहतीस. दुसरी भरलेल्या गाडीची, म्हणजे जास्त माणसं आणि सामान: पुढे छत्तीस, मागे बेचाळीस. टायरच्या अंगावर एक्कावन्न असा आणखी एक आकडा कोरलेला असतो, पण ती टायरची कमाल मर्यादा. गाडीत भरायचा आकडा नव्हे. आमच्या ओळखीतले निम्मे लोक तोच पाहून वाद घालतात.

आई पुण्याहून आली त्याच्या आदल्या दिवशी गाडी सर्व्हिसिंगहून परत आली होती. आईला मणक्याचा जुना त्रास. विमानात साडेपाच तास ताठ बसून आल्यामुळे ती आधीच हैराण होती. विमानतळावरून घरी येताना प्रत्येक हंपवर तिच्या तोंडून "आई गं" निघत होतं. कार पार्कचा उतार संपला तेव्हा तिने पुढच्या सीटची पाठ दोन्ही हातांनी धरली होती. पुढचे कितीतरी दिवस ती पलंगावरून फारशी उठली नाही.

ती सिंगापूर पाहायला आली नव्हती. तिची मोठी बहीण, म्हणजे माझी मावशी, क्वालालंपूरला मुलाकडे राहते. अर्धांगाच्या झटक्यानंतर मावशीचा प्रवास कायमचा बंद झाला. दोघींची भेट झाल्याला बरीच वर्षं झाली होती. फोनवर दोघी बोलत, पण मावशीचे शब्द आता अडखळतात, आणि फोनवर अडखळणं फार लांबतं. आईला एकदा तिच्याजवळ बसायचं होतं. तेवढ्यासाठी तिने पुन्हा विमानात न बसण्याची शपथ मोडली होती. इथून पुढचं विमान मात्र तिला नको होतं. "तासाभराचं असलं तरी नको. मला वाटेल तिथे उतरता आलं पाहिजे," असं तिने बजावलं. फिजिओथेरपिस्टही तेच म्हणाली: गाडीने जा, तासभर झाला की उतरून चाला, आणि धक्के बसू देऊ नका.

धक्के बसू देऊ नका म्हटल्यावर मी दुसऱ्या दिवशी सकाळी गेज लावला. चारही चाकांत बेचाळीस. वर्कशॉपवाल्यांनी रिकाम्या गाडीत सरसकट भरलेल्या गाडीच्या मागच्या चाकांची हवा मारली होती. मी चारही चाकं तेहतीसवर आणली, आईला जरा बरं वाटल्यावर तिला मागे बसवलं आणि शेजारच्या पुंगोलच्या बाजूने एक फेरी मारली. या वेळी एकाही हंपवर "आई गं" ऐकू आलं नाही. परत आल्यावर विचारलं, तर म्हणाली, "ही तीच गाडी का रे?"

"तीच."

"मग आपण जाऊ ताईकडे."

एवढ्यावर काम झालं असं मला वाटलं. पण मराठी माणूस बहिणीकडे हात हलवत जात नाही. आईने पुण्याहून निम्मी बॅग मावशीसाठी भरून आणली होती: गोडा मसाला, मेतकूट, लोणच्याच्या बरण्या, भाजणी, आणि मावशीच्या सुनेने मागितलेला लोखंडी खलबत्ता. विमानाच्या वजनात तो कसा बसवला, हे तिलाच ठाऊक. त्यात माझ्या बायकोने लाडवांचे डबे आणि शेव-चिवड्याच्या पिशव्या वाढवल्या. माणसं चार: आई, आम्ही दोघं आणि आमची मुलगी. डिकी काठोकाठ. म्हणजे स्टिकरवरची दुसरी ओळ. मागे बेचाळीस.

मी सामान भरलं, हवा भरली, चौघं बसलो आणि एक्सप्रेसवेवर चाचणी घेतली. माझा अंदाज होता की वजनाने गाडी दबेल आणि धक्के कमी होतील. थोडे झालेही. पण आई ज्या सीटवर बसते ती बरोबर मागच्या चाकांवर येते. तिला पुढे बसवून पाहिलं होतं. ती सीट खोलगट, आणि जिथे तिच्या मणक्याला आधार नको नेमकी तिथेच फुगीर. तिथून उठताना तिला दोघांनी धरावं लागलं. मागे तिला पाठ हवी तशी टेकवता येत होती, पण बेचाळीसवर प्रत्येक जोड, प्रत्येक पट्टी तिच्यापर्यंत पोहोचत होती. अर्ध्या तासाने ती म्हणाली, "राहू दे. मी तिला फोनवरच भेटते."

त्या संध्याकाळी नागपूरचा एक मित्र शहराच्या दुसऱ्या टोकाहून, क्लेमेंटीहून जेवायला आला. संशोधक माणूस, पण गाडीच्या बाबतीत बेफिकीर. सगळं ऐकून तो हसायलाच लागला.

"काय बे, एवढं काय त्यात? मागची हवा अठ्ठावीस कर. काकू गादीवर बसल्यासारख्या जातील."

"चार माणसं आणि ते सामान असताना?"

"अरे, कमी हवेचा दिवा लागेपर्यंत गाडी चालते."

"दिवा लागतो तेव्हा पाव हवा गेलेली असते," मी म्हणालो.

"मंग? हायवे सपाट आहे. कोणता डोंगर चढायचा आहे तुले?"

बायको ताटं वाढत होती. ती म्हणाली, "अहो, ते म्हणतायत त्यात चूक काय? थोडी कमी करा. सासूबाईंचा जीव तिकडे अडकलाय आणि तुम्ही आकडा धरून बसलात. त्याने काय आभाळ कोसळणार आहे?"

मी शांतपणे सांगायचा प्रयत्न केला. कमी हवेचा टायर वजनाखाली प्रत्येक फेऱ्याला बाजूने वाकतो. वाकला की तापतो. बाहेर ऊन, खाली तापलेला डांबरी रस्ता, वेग शंभराच्या आसपास, आणि हे कित्येक तास. त्या हायवेच्या कडेला फाटलेल्या टायरच्या काळ्या पट्ट्या पडलेल्या असतात, त्या सगळ्यांनी पाहिल्या आहेत. टायर फुटलाच तर तो मागचा फुटेल, आणि त्याच्यावर आई बसलेली असेल.

"दरवेळी फुटतो का?" मित्र म्हणाला.

"दरवेळी नाही. पण ज्या वेळी फुटेल ती कोणती हे मला आधी कळणार नाही."

आई म्हणाली, "मला कळत नाही यातलं. हवा कमी केली तर मला जाता येईल ना?"

"येईल."

"मग कर की कमी."

तिला नाही म्हणणं मला सोपं गेलं नाही. तिने माझ्याकडे फारसं कधी काही मागितलेलं नाही. मी म्हटलं, "वजनाला लागते त्यापेक्षा हवा कमी करणार नाही, आई. पण वजन कमी करता येतं."

मग मी मांडलं. गाडीत फक्त मी आणि आई, तिची एक लहान बॅग. बायको, मुलगी आणि बाकीचं सगळं सामान कोचने, म्हणजे लांब पल्ल्याच्या बसने. दोन माणसं म्हणजे पहिली ओळ, तेहतीस. तेवढ्यावर आईला चालतं हे आम्ही पाहिलं होतं.

मग बायकोने भाताचं भांडं जरा जोरातच ठेवलं. "म्हणजे घरात गाडी असून मी खलबत्ता मांडीवर घेऊन बसने जायचं?"

"कोचच्या पोटात ठेव."

"वहिनी, याला बदलून घ्या," मित्र म्हणाला. "वॉरंटी आहे का अजून?"

आईला तर हे अजिबात रुचलं नाही. "हवेपायी घरची माणसं बसनं धाडतोस? लोक काय म्हणतील? ताईच्या घरी सून एका दारातून आणि सासू दुसऱ्या दारातून!"

सुटका केली ती मुलीने. मोबाईलमधून डोकं वर न काढता ती म्हणाली, "बाबा, कोचला रिक्लायनिंग सीट असते, मूव्ही असते. आय डोन्ट माइंड लाह. गाडीत तर तुम्ही तुमची गाणी लावता."

निघायच्या दिवशी पहाटे मी पुन्हा चाकाशी बसलो. तीन चाकं तेहतीस, मागचं उजवं बत्तीस. ते भरलं. इथून मलेशियात जाताना पेट्रोलची टाकी निदान पाऊण भरलेली असावी लागते, ती होती. सीमेवरच्या दोन वाटांपैकी तुआसच्या पुलावर रांग कमी असते म्हणून लांबून गेलो. उजाडता उजाडता पलीकडे पोहोचलो. आईने पाठीशी दोन उशा घेतल्या होत्या. वेग मी नव्वदच्या वर जाऊ दिला नाही. आमच्या पुढेमागे ट्रक होते आणि उजव्या हाताने बाकी सगळा मलेशिया पुढे जात होता. तासभर झाला की थांबायचं, तिला उतरवायचं, सावलीत चालवायचं, पुन्हा बसवायचं. पहिल्या दोन टप्प्यांत ती बोलत होती. पामची झाडं संपतच नाहीत म्हणाली.

पागोहच्या पुढे रस्त्याचं काम चालू होतं. बराच वेळ खरवडलेल्या रस्त्यावरून जावं लागलं. त्यानंतरच्या थांब्यावर ती उतरली आणि उभीच राहिली. तिला पाऊल टाकता येईना. मी तिचा हात धरला. चेहऱ्यावर घाम आला होता.

"अरे, थोडी काढ ना हवा," ती म्हणाली. "आता तर आपण दोघंच आहोत. थोडीशी काढ."

मी गेज लावला. मागे सदतीस. तिनेही वरूनच पाहिलं. तिचे डोळे अजून चांगले आहेत.

"बघ! तूच तेहतीस म्हणत होतास ना? चार जास्त आहेत. तेवढी तरी काढ."

त्या वेळी मला सगळ्यात जास्त मोह झाला. आकडाच माझ्याविरुद्ध बोलत होता, आणि समोर ती दुखण्याने वाकली होती. पण टायर तापल्यावर आकडा चढतो, तो चढायचाच असतो. स्टिकर लिहिणाऱ्यांनी ते धरूनच थंड टायरचा आकडा दिलेला आहे. आता चार कमी केले तर टायर थंड होईल तेव्हा ते चार खरोखर कमी झालेले असतील. मी व्हॉल्व्हची टोपी परत लावली.

"नाही, आई."

"तुझे वडील असेच होते," ती म्हणाली. "त्यांचं घड्याळ बरोबर, बाकी सगळ्या गावाचं चूक."

"हो."

"हो काय? कौतुक करत नाहीये मी."

हवा काढता येत नव्हती, पण वेळ देता येत होता. मी मावसभावाला फोन करून सांगितलं, जेवायला थांबू नका. झाडाखालच्या बाकावर टॉवेल घालून आईला आडवं केलं. थांब्यावरून नारळपाणी आणलं. शेजारच्या बाकावरच्या एका मलय बाईने न विचारता तिच्या डोक्याखाली आपली पिशवी दिली. आई डोळे मिटून पडून राहिली. मी तिच्या पायाशी बसलो. बायकोचा मेसेज आला: त्यांचा कोच आमच्या पुढे निघून गेला होता, आणि मुलीची दुसरी मूव्ही चालू होती. आईला वाचून दाखवला. ती डोळे न उघडता म्हणाली, "मीपण बसनेच गेले असते." मग बऱ्याच वेळाने स्वतःच उठून बसली. "चल."

उरलेला रस्ता मी ऐंशीने चालवला. दर पाऊण तासाला थांबलो. मागून हॉर्न वाजत होते, मी डावी बाजू सोडली नाही. आईने पुढच्या सीटची पाठ दोन्ही हातांनी धरली होती. दर थांब्यावर मी विचारे, "परत फिरू या का?" आणि ती दार धरून उतरत म्हणे, "पुढे बघ."

दुपार उलटून गेल्यावर आम्ही मावशीच्या इमारतीखाली पोहोचलो. बायको आणि मुलगी कधीच्या येऊन खाली उभ्या होत्या. बायकोने आधी आईला पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं, आणि आईची दुसरी बाजू धरली. लिफ्टपाशी आईने आम्हा दोघांचेही हात सोडवले. "आत मी माझी चालत जाणार," म्हणाली.

मावशी खिडकीशी खुर्चीत होती. एक हात मांडीवर निश्चल, दुसरा दाराच्या दिशेने उचललेला. शब्द जुळायला तिला वेळ लागला.

"किती... उशीर गं."

"हा थांबत थांबत आला," आई म्हणाली, आणि शेजारच्या सरळ पाठीच्या लाकडी खुर्चीवर हळूच टेकली. तिने मावशीचा तो निश्चल हात उचलून आपल्या मांडीवर घेतला. मावशी बोलायला लागली. एक वाक्य पुरं व्हायला फार वेळ लागत होता, आणि आई ते पुरं होईपर्यंत मध्ये बोलत नव्हती.

दिवे लागायच्या वेळी मी तिला चहा नेऊन दिला आणि हळूच विचारलं, पाठ कशी आहे, जरा आडवी होतेस का.

"दुखतेय," ती म्हणाली. "पण बसवतंय. जा तू."