थिरवीचा दुसरा साक्षीदार

साठमकाका गेल्याची बातमी बाळारामने आणली. तळोज्याच्या आमच्या कारखान्यात प्रयोगशाळेला वेगळा फोन नाही, तो गेटवर. दुपारी मी नमुने तपासत बसलो होतो आणि बाळाराम पाटील, आमचा नावड्याचा जुना ऑपरेटर, दारात येऊन उभा राहिला. "साहेब, सानपाड्यावरनं वहिनींचा फोन व्हता. ते तुमचे शब्दवाले काका..." यशवंत साठम हे नाव कोशांच्या इतिहासात रमणाऱ्या चार-दोन अभ्यासकांना ठाऊक असेल. खाडीकाठच्या गावांत मात्र ते 'शब्दवाले काका'च होते. मी हातातली काचनळी खाली ठेवली आणि माझ्या मनात पहिला विचार आला तो, सांगायला लाज वाटते, हा की आता त्या कार्डाचं काय होणार?

नव्वद-एक्क्याण्णवच्या सुमारास आम्ही साताऱ्याकडून सानपाड्याला राहायला आलो, तेव्हा सोसायटीत निम्मी कुलपं होती. समोरच्या दारावर 'साठम' अशी पाटी. काका नुकतेच कॉलेजातून निवृत्त झाले होते. बाहेरच्या खोलीत पलंगाखाली, कपाटावर, शिलाई मशीनच्या पायाशी, जिकडे पाहावं तिकडे शब्दकोश. शब्दकोश कुणीतरी बसून लिहितं हेच तोवर माझ्या डोक्यात आलं नव्हतं. तो असतो, पंचांगासारखा. काकांना माझं हे अज्ञान फार आवडलं. "शिंदे, कोशकार सगळ्यात आधी काय करतो सांगा? आधीच्या कोशकाराचा कोश उघडतो!" मग त्यांनी तीन जाडजूड पुस्तकं माझ्यापुढे उघडली. एका रानवेलीला तिन्हीत पिवळी फुलं लिहिलेली. "वेल मी स्वतः पाहिलीय. फुलं पांढरी असतात. बरोबर अर्थ तिघं आपापले लिहितील हो, पण तीच चूक तिघं आपापली कशी करतील? चूक म्हणजे कोशकाराची सही." त्या दिवसापासून माझं रविवारचं पेपरवाचन बंद झालं. चहाचा कप घेऊन मी समोरच्या दारात. माझी बायको सुनंदा म्हणायची, "तुमचा जेवणाचा डबा पण तिकडेच पाठवते."

लवकरच ते मला खाडीकाठच्या गावांत बरोबर नेऊ लागले. शबनम पिशवीत कोरी कार्डं, दोन पेन्सिली, आणि काकूंनी दिलेल्या दशम्या. तरुणपणी पुण्याच्या एका कोश कार्यालयात त्यांनी उमेदवारी केली होती, तिथली शिस्त अंगात मुरलेली. शब्द मिळाला की कार्डावर अर्थ, गाव, सांगणाऱ्याचं नाव, त्याला तो कुठून मिळाला, आणि शेवटी दुसरा साक्षीदार. वेगळ्या गावचा, पहिल्याच्या नात्यागोत्यात नसलेला. दोन साक्षी जमल्याशिवाय कार्ड पेटीत जायचं नाही. मला हे चटकन पटलं. आम्हीही प्रत्येक नमुना दोनदा तपासतो. आणखी दोन नियम होते. संग्राहकाचं नाव कार्डावर कुठेही येता कामा नये. आणि शब्द आपण होऊन उच्चारायचा नाही. वस्तू दाखवायची आणि गप्प बसायचं. एकदा एका जाळ्याच्या कडेकडे बोट दाखवून काका इतका वेळ गप्प बसले, की त्या घरच्या आजीने मला हळूच विचारलं, "याना बोलता येत नाय का?"

पण दर वेळी, निघायच्या आधी, ते खाडीवर जात आणि कुणाला तरी पाण्याकडे बोट दाखवून विचारत. भरती थांबलीय, ओहोटी अजून लागलेली नाही, त्या मधल्या घटकेला काय म्हणतात? लोक आपापलं काहीबाही सांगायचे. काका मान हलवायचे आणि काहीच लिहायचे नाहीत. हा प्रकार चार-पाचदा पाहिल्यावर मी छेडलं, की सगळ्या शब्दांत हाच का पाठ सोडत नाही? त्यांनी पिशवी उचलली आणि चालू लागले. पुढच्या रविवारी त्यांनी आपण होऊन मला पलंगावर बसवलं आणि एक पिवळं पडलेलं कार्ड हातात दिलं. 'थिरवी : भरती-ओहोटीच्या मधली, पाणी स्थिर असण्याची घटका.' पहिला साक्षीदार म्हणून एका म्हाताऱ्या नाखव्याचं नाव. दुसऱ्या साक्षीदाराच्या रकान्यात 'धर्मा नाखवा'. ते नाव लाल शाईने खोडलेलं.

"हा धर्मा नाखवा जन्मलाच नाही, शिंदे." झालं होतं असं, की उमेदवारीच्या काळात त्यांना या किनाऱ्यावर धाडलं होतं. पलीकडच्या गावाला जाणारी होडी चुकली. शनिवारी कार्डं संपादकांच्या टेबलावर हवी होती. थिरवी शब्दाने तर त्यांना भुरळच घातलेली... बसल्या बसल्या त्यांनी एक माणूस निर्माण केला. कोश छापला गेला. पुढच्या कोशकाराने अर्थातच आधीचा कोश उघडला. त्याच्या पुढच्याने तर 'किनारपट्टीवर सर्वत्र' अशी भर घातली. लोकांच्या उसन्या चुकांवर काकांनी आयुष्यभर लेख लिहिले होते, आणि हा 'सर्वत्र' त्यांच्याच बनावट साक्षीतून निघालेला. मला हसू आलं. दुसऱ्याच्या डोळ्यातलं कुसळ, स्वतःच्या डोळ्यातलं मुसळ! पण ते हसले नाहीत. "त्या म्हाताऱ्याचा तो एकट्याचा शब्द असेल तर? दुसरा खरा माणूस मिळाला तर शब्द खरा. नाही मिळाला, तर मला जाहीर लिहायला हवं, की हा मी घुसवलाय." आणि मग, "लिहायचं धाडस होत नाही हो."

मग आम्ही नावड्याला गेलो. बाळारामच्या आईचं सगळं आयुष्य खाडीत मासे धरण्यात गेलेलं. बाई मोठी बोलकी. दोन तासांत काकांची अकरा कार्डं भरली. शेवटी पाणी चढायचं थांबलं तेव्हा काकांनी बोट दाखवलं. "याला काय बोलायचा? पानी उबा हाय, बस," ती म्हणाली. काका गप्प बसले. तीही बसली. काकांचा चेहरा असा उतरला की मला बघवेना. आणि इतक्या वर्षांत जे केलं नव्हतं ते त्यांनी केलं. अगदी हळू विचारलं, "थिरवी... म्हणतात का कुणी?" बाईने तो शब्द तोंडात घोळवून पाहिला. "थिरवी. नाय आयकला कदी. पन बरा हाय." परतल्यावर काका जिन्यात थांबून म्हणाले, "आज मी एक गाव नासवलं, शिंदे. आता तिथे कुणी तो शब्द म्हणालं तरी साक्ष धरता येणार नाही." माणसं कशाकशाने हळहळतात, याचं मला त्या दिवशी नवल वाटलं. आज वाटत नाही.

शेवटची भेट त्यांच्याच खोलीत झाली. श्वास पुरत नव्हता. आदल्या रविवारी आमच्याकडे पाहुणे येऊन गेले होते, त्यावरून मी सहज म्हणालो, "काका, माणसं गेली आणि भांडी घासायला अजून कुणी उठलं नाही, ती पण थिरवीच की." त्यांना आवडलं हे दिसत होतं. पण म्हणाले, "तुम्ही माझ्याकडून ऐकलाय. तुमची साक्ष बाद." मग, "दिवाळीपर्यंत वाट बघतो. नाहीतर लिहून टाकतो." दिवाळीला अजून दोन महिने होते.

म्हणून हे मी लिहितोय, काकूंना विचारून. त्या म्हणाल्या, "लिहा. त्यांना जड जात होतं, तुम्हाला तरी काय?" जड मलाही जातंय. पण त्यांच्या वतीने सांगतो : तीन कोशांत असलेल्या थिरवी या शब्दाला एकच साक्षीदार होता. दुसरा यशवंत साठम यांनी रचला होता.

काकूंनी ते पिवळं कार्ड पेटीसकट मला दिलं. गेल्या आठवड्यात माझ्या टेबलावर ते होतं, आणि पाळी बदलायची वेळ होती. एक पाळी कपडे बदलायला गेलेली, दुसरीने अजून हात लावलेला नाही. बाळाराम दाराला टेकून म्हणाला, "बसा साहेब दोन मिन्टं. थिरवी हाय." मी खुर्चीतून उठलोच. कुठून आला हा शब्द तुझ्याकडे? "आई म्हन्ते. आता माजी पोरगी पन म्हन्ते. घरात समदीच म्हन्तात." आणि आईकडे कुठून आला? तो माझ्याकडे, मला वेड लागलंय अशा नजरेने बघत राहिला. "काय साहेब! तुमच्या काकांनीच नाय का दिला?"

काकांच्या नियमाने ही साक्ष बाद. मला माहीत आहे. तरीही मी पेन्सिल घेतली आणि खोडलेल्या धर्मा नाखव्याखाली लिहिलं : बाळाराम पाटील, नावडे. शब्द कुठून मिळाला? आईकडून. आईला कुठून मिळाला? त्या रकान्यात मी, संग्राहकाचं नाव येता कामा नये हे ठाऊक असूनही, 'यशवंत साठम' असं लिहिलं आणि घरी आल्यावर कार्ड पेटीत टाकलं.