तीसच्या जागी तीन

हे सांगायचं मी कित्येक वर्षं टाळलं.

धुळ्याच्या एका कॉलेजात संगणक विभाग माझ्याकडे होता. तिथे कंत्राटावर एक माणूस आला. पस्तिशीचा, रोज जळगावहून एसटीने यायचा. विद्यार्थ्यांच्या गुणांच्या डेटाचा रोज स्नॅपशॉट, म्हणजे जशीच्या तशी प्रत, निघे आणि तीस दिवस जपला जाई. त्यावर आम्ही दोघांनी लक्ष ठेवायचं होतं. पडद्यावर हिरवी खूण दिसली की मी चहाला उठायचो. तो मात्र बाह्या दुमडून एखादी जुनी प्रत उघडून वाचत बसायचा.

"नाना, खूण ते बठ्ठी हिरवी शे, पन उघाडीसन दखनं पडस," तो एकदा मला अहिराणीत म्हणाला; सगळ्या खुणा हिरव्या असल्या तरी उघडून बघावंच लागतं. सगळं ऑफिस माझ्याकडे बघून हसलं. पुढे प्राचार्यही त्यालाच बोलावू लागले. मला ते सलत राहिलं.

तो बहिणीच्या लग्नाला गेला, तेव्हा त्याचं नाव खराब व्हावं म्हणून प्रती किती दिवस ठेवायच्या त्या नियमात मी तीसच्या जागी तीन केलं. जुन्या प्रती आपोआप पुसल्या गेल्या. परतल्यावर त्यानेच ते पकडलं. पासवर्ड आम्हा दोघांकडेच होता. प्राचार्यांसमोर त्याने एकदा माझ्याकडे पाहिलं.

"सर, लग्नाला निघायच्या घाईत चूक माझ्याच हातून झाली असेल."

त्याचं कंत्राट गेलं. त्याच्या त्या मोठेपणाचाही मला हेवाच वाटला.

निवृत्तीनंतर एकदा तो जळगावच्या गाडीत बसलेला दिसला. मी खिडकीपाशी गेलो.

"काय नाना, बरे आहात ना?"

'तो आकडा मी बदलला होता, माफ कर,' एवढंच म्हणायचं होतं.

"बसायला जागा मिळाली ना, भाऊ?" मी विचारलं.